कपाटातल्या फ्लॉपीतलं सॉफ्टवेअर ब्राउझरमध्ये कसं चालवायचं: सोलापूरकरांसाठी पायरीवार माहिती

पूर्व भागातल्या यंत्रमाग कारखान्याचं ऑफिस असो नाहीतर साखर पेठेतला जुना छापखाना, लोखंडी कपाटाच्या खालच्या कप्प्यात फ्लॉपींचा एखादा डबा हमखास सापडतो. त्यात कामगारांच्या हजेरी-पगाराचा फॉक्सप्रोमधला प्रोग्राम असतो, लोटसमधली सूत-खरेदीची पत्रकं असतात, लग्नपत्रिकांच्या फाइली असतात. दिवाळीच्या आवराआवरीत असे डबे भंगारात जातात आणि त्यांच्यासोबत गावाच्या कामधंद्याचा एक काळ जातो. तो वाचवण्यासारखा आहे, आणि त्याला फार खर्चही लागत नाही. एक साधा लॅपटॉप, दोन-तीन उपकरणं आणि चिकाटी एवढ्यावर काम होतं.

इम्युलेटर म्हणजे काय हे सोलापुरात जेकार्डवरून चटकन कळेल. चादरीवरची नक्षी भोकं पाडलेल्या पुठ्ठ्याच्या पत्त्यांमध्ये असते. भोक असेल तिथे ताण्याचा धागा उचलला जातो, नसेल तिथे तो खालीच राहतो. माग मोडीत गेला तरी पत्त्यांची माळ शाबूत असेल तर तशाच दुसऱ्या मागावर तीच नक्षी पुन्हा उतरते. तुमच्या फ्लॉपीतलं सॉफ्टवेअर म्हणजे पत्त्यांची माळ, आणि ज्या कॉम्प्युटरवर ते चालायचं तो माग. इम्युलेटर म्हणजे सॉफ्टवेअरनेच रचलेला माग. तो आता थेट ब्राउझरच्या खिडकीत उभा राहतो, काही इन्स्टॉल करावं लागत नाही.

माग कधीही मिळेल. पत्ते मात्र दर उन्हाळ्यात झिजत आहेत. म्हणून पुढच्या बारा पायऱ्यांपैकी पहिल्या सहा फक्त पत्ते उतरवून घेण्याच्या आहेत. त्या ओलांडून थेट ब्राउझरकडे धावू नका.

काय काय लागेल

- साडेतीन इंची फ्लॉपीसाठी: यूएसबी फ्लॉपी ड्राइव्ह.
- सव्वापाच इंची फ्लॉपीसाठी: जुन्या पीसीतून काढलेली खरी ड्राइव्ह, ३४ पिनांची पट्टी-केबल आणि ग्रीझवीझल नावाचं छोटं सर्किट बोर्ड. सव्वापाच इंची फ्लॉपी वाचणारी तयार यूएसबी ड्राइव्ह बाजारात मिळत नाही, शोधण्यात वेळ घालवू नका.
- जुन्या हार्ड डिस्कसाठी: आयडीई (जुन्या हार्ड डिस्कची रुंद पट्टी-केबलची जोडणी) ते यूएसबी अडॅप्टर, स्वतंत्र वीजपुरवठ्याच्या ठोकळ्यासह.
- ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल, कापसाच्या काड्या, मऊ ब्रश, हातमोजे. थिनर किंवा स्पिरिट वापरू नका.
- सॉफ्टवेअर: सेव्हन-झिप, डॉसबॉक्स (डॉसच्या जुन्या पीसीचा इम्युलेटर), लिनक्सची बूट होणारी पेनड्राइव्ह (डिस्कची प्रत उतरवणारं डीडीरेस्क्यू त्यावर घालून घ्या), लिबरऑफिस. सगळं मोफत.
- कागदपत्रं: सॉफ्टवेअरचं मूळ बिल, परवान्याचा कागद, सीरियल क्रमांक, छापील मॅन्युअल. डब्यातली चिठ्ठीसुद्धा टाकू नका. पासवर्ड बहुतेक तिच्यावरच असतो.

१. डबा उघडण्याआधी नोंदवही उघडा

प्रत्येक फ्लॉपीला क्रमांक द्या. क्रमांक पाकिटावर किंवा लेबलच्या कडेला लिहा. सव्वापाच इंचीवर बॉलपेन दाबून लिहू नका, आतल्या चकतीवर वळ उमटतो. दोन्ही बाजूंचे फोटो काढा. लेबलवरचा मजकूर जसाच्या तसा उतरवा, ‘पगार मार्च ९४’ असं असेल तर तसंच. प्रोग्राम कुठल्या यंत्रावर वापरायचे, तो कोणी बनवून दिला, त्या वेळचे दिवाणजी आज कुठे आहेत, हेही आत्ताच विचारून लिहा. प्रोग्राम सुरू झाल्यावर तो पहिल्याच पडद्यावर पासवर्ड मागतो आणि तो माहीत असलेला माणूस एकच असतो.

आणखी एक रकाना सोलापुरात अगदी आवश्यक आहे: लिपी. एकाच छापखान्यात मराठी, कन्नड, तेलुगू आणि उर्दू पत्रिका होत असत. हा रकाना का लागतो ते आठव्या पायरीत कळेल.

२. फ्लॉपी ड्राइव्हमध्ये घालण्याआधी डोळ्यांनी तपासा

साडेतीन इंचीचं धातूचं सरकतं झाकण अंगठ्याने बाजूला करा आणि मागची धातूची चकती बोटाने हळूहळू फिरवा. पूर्ण एक फेरा बघा. पृष्ठभाग एकसारखा तपकिरी-काळा दिसला तर ठीक. राखाडी-पांढरे ठिपके दिसले तर ती बुरशी. आरपार उजेड दिसणारी गोल रेघ दिसली तर चुंबकीय थर खरवडून गेलेला आहे, ती फ्लॉपी ड्राइव्हमध्ये घालायची नाही.

फ्लॉपी आपल्याकडे दोन कारणांनी बिघडते. पावसाळ्यातली ओल बंद कपाटात साठून बुरशी धरते, आणि पत्र्याच्या शेडमध्ये एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशी ओलांडला की लेबलचा डिंक आणि आतलं अस्तर सुटायला लागतं. बुरशी लागलेली एक फ्लॉपी ड्राइव्हचं हेड, म्हणजे चकती वाचणारा भाग, घाण करते आणि तेच हेड पुढच्या दहा चांगल्या फ्लॉपी ओरबाडतं. म्हणून स्वच्छ फ्लॉपी आधी वाचा, शंकेच्या शेवटी. शंकेच्या प्रत्येक फ्लॉपीनंतर कापसाच्या काडीला अल्कोहोल लावून हेड पुसा आणि दोन मिनिटं वाळू द्या. वाचताना किरकिर किंवा शिट्टीसारखा आवाज आला तर त्याच क्षणी फ्लॉपी काढा. ‘एवढी वाचून होऊ दे’ असं म्हणण्यात चकती कायमची जाते.

३. लिहिण्याचा दरवाजा बंद करा

नवखी माणसं सर्वांत जास्त इथे फसतात, कारण दोन आकारांचा नियम उलटा आहे. साडेतीन इंचीत कोपऱ्यातलं छोटं भोक *उघडं* असेल तर फ्लॉपी सुरक्षित, म्हणजे तिच्यावर लिहिता येत नाही. सव्वापाच इंचीत कडेची खाच *झाकलेली* असेल तर सुरक्षित. सव्वापाच इंचीच्या खाचेवर अपारदर्शक चिकटपट्टी लावा. पारदर्शक सेलोटेप नको, कारण बऱ्याच ड्राइव्ह उजेडाने तपासतात आणि त्यांना ती पट्टी दिसतच नाही.

हे एवढं जपून का? विंडोज ९५ पासूनच्या आवृत्त्या फ्लॉपी नुसती उघडली तरी तिच्या पहिल्या सेक्टरमध्ये (सेक्टर म्हणजे चकतीवरचा ठरावीक मापाचा छोटा तुकडा) स्वतःची खूण लिहू शकतात. शिवाय फ्लॉपी वाचता आली नाही की विंडोज ‘फॉरमॅट करायची का?’ असं विचारतं. त्या खिडकीत कधीही ‘हो’ म्हणू नका.

४. फाइली कॉपी करू नका, प्रतिमा घ्या

फाइली ओढून फोल्डरमध्ये टाकल्या की काम झालं असं वाटतं. ते अर्धवट असतं. पुसलेल्या फाइली, बूट सेक्टर, डिस्कचं नाव, नकलेपासून बचावाची खूण, हे सगळं मागे राहतं. म्हणून पूर्ण फ्लॉपीची सेक्टर-दर-सेक्टर प्रतिमा, म्हणजे आयएमजी फाइल घ्या.

साडेतीन इंचीसाठी लिनक्समधलं डीडीरेस्क्यू उत्तम. ते आधी सहज वाचता येणारा भाग घेतं, मग अडलेल्या सेक्टरकडे पुन्हा वळतं. कुठले सेक्टर राहिले त्याची नकाशा-फाइलही करतं, त्यामुळे वीज गेली तरी जिथे थांबलं तिथून पुढे सुरू होतं. पुनर्प्रयत्न ३ ठेवा. त्याआधी फ्लॉपी कुठल्या उपकरणाच्या नावाने दिसते ते डिस्कच्या यादीत आकारावरून खात्री करून घ्या. स्रोत आणि लक्ष्य उलटं झालं तर फ्लॉपीऐवजी लॅपटॉपची डिस्क पुसली जाईल.

प्रतिमा झाली की फाइलचा आकार बघा. तो बाइटपर्यंत जुळला पाहिजे:

- साडेतीन इंची १.४४ एमबी: १४,७४,५६० बाइट (८० ट्रॅक म्हणजे चकतीवरच्या गोल रांगा, २ बाजू, १८ सेक्टर, प्रत्येकी ५१२ बाइट)
- साडेतीन इंची ७२० केबी: ७,३७,२८० बाइट
- सव्वापाच इंची १.२ एमबी: १२,२८,८०० बाइट
- सव्वापाच इंची ३६० केबी: ३,६८,६४० बाइट

सव्वापाच इंचीला ग्रीझवीझल लागतं. ते फ्लॉपीवरचे चुंबकीय बदल जसेच्या तसे, वेळेसकट टिपतं. त्याला फ्लक्स प्रतिमा म्हणतात. जोडणीत तीन गोष्टी सांभाळा. पट्टी-केबलमध्ये पीळ असतो. पिळापलीकडच्या टोकाला लावलेली ड्राइव्ह ‘ए’, पिळाआधीची ‘बी’. केबलची रंगीत कड नेहमी पिन १ कडे. आणि सव्वापाच इंची ड्राइव्हला ५ सोबत १२ व्होल्टही लागतात, ते यूएसबीतून मिळत नाहीत. वेगळा पुरवठा जोडा आणि तो चालू असताना केबल काढू-घालू नका.

३६० केबीची फ्लॉपी १.२ एमबीच्या ड्राइव्हमध्ये वाचायची असेल तर एक खास अडचण येते. जुन्या फ्लॉपीत ४० ट्रॅक, नव्या ड्राइव्हची पावलं ८० ट्रॅकच्या मापाची. म्हणून ग्रीझवीझलला एकाआड एक ट्रॅक, म्हणजे ‘स्टेप २’ सांगावं लागतं. ते विसरलात तर सेक्टर सापडत नाहीत आणि चांगली फ्लॉपी खराब समजून बाजूला टाकली जाते. उलट दिशेने, म्हणजे १.२ च्या ड्राइव्हवरून ३६० च्या फ्लॉपीवर काही लिहायला जाऊ नका. तिचं हेड अरुंद असल्याने जुन्या चुंबकीय खुणा कडेला उरतात आणि मूळ ड्राइव्हला मग काहीच नीट वाचता येत नाही.

हे सगळं यूपीएसवर किंवा लॅपटॉपच्या बॅटरीवर करा.

५. दोनदा वाचा, ठसा जुळवा

प्रत्येक फ्लॉपीची प्रतिमा दोनदा घ्या आणि दोन्हींचा एसएचए-२५६ ठसा काढा, म्हणजे फाइलीवरून निघणारा लांबलचक क्रमांक; फाइलीत जरा फरक असला तरी तो बदलतो. विंडोजमध्ये सर्टयुटिल आणि लिनक्समध्ये शा-२५६-सम हे काम करतात, वेगळं काही लागत नाही. ठसे जुळले तर प्रतिमेवर विश्वास ठेवा आणि ठसा नोंदवहीत लिहा. जुळले नाहीत तर हेड पुसून तिसऱ्यांदा वाचा. फ्लक्स प्रतिमांचे ठसे मात्र कधीच जुळणार नाहीत, कारण मोटरचा वेग दर फेऱ्याला किंचित बदलतो. तिथे फ्लक्सवरून काढलेल्या आयएमजी फाइलींचे ठसे जुळवायचे.

मूळ प्रतिमा ‘फक्त वाचण्यासाठी’ करून ठेवा आणि पुढचं सगळं काम तिच्या नकलेवर करा. तीन प्रती ठेवा: एक लॅपटॉपवर, एक बाहेरच्या डिस्कवर, एक दुसऱ्या घरात.

६. जुनी हार्ड डिस्क असेल तर

इन्स्टॉल करून चालू स्थितीत असलेला प्रोग्राम हार्ड डिस्कवर मिळाला तर ती इन्स्टॉलेशनच्या दहा फ्लॉपींपेक्षा मोलाची. सेटिंग, फॉन्ट, प्रिंटर, डेटा सगळं जागच्या जागी असतं. म्हणून जुना पीसी ‘बघू चालतो का’ म्हणून सुरू करू नका. वर्षानुवर्षं पडून असलेली डिस्क कदाचित एकदाच फिरेल, तो एक फेरा प्रतिमा घेण्यासाठी ठेवा. डिस्क बाहेर काढा, मागच्या पिनांवरची छोटी टोपी (जंपर) ‘मास्टर’वर करा, अडॅप्टर लावा आणि पूर्ण डिस्कची प्रतिमा डीडीरेस्क्यूने घ्या. ठराविक लयीत टकटक ऐकू आली तर वीज बंद करा.

एक्सटी, म्हणजे सुरुवातीच्या पीसींच्या, काळातल्या डिस्कना एकाऐवजी दोन डेटा केबल असतात, ३४ आणि २० पिनांच्या. त्या आयडीई नाहीत आणि अडॅप्टरला लागणार नाहीत. त्या मूळ कार्डासकट तशाच जपून ठेवा.

७. कुठल्या सॉफ्टवेअरला कुठला माग

सी भाषेतला प्रोग्राम ब्राउझरला कळेल अशा रूपात आणणारं एमस्क्रिप्टन आणि ब्राउझरच्या आत जवळपास यंत्राच्या वेगाने चालणारं वेबअसेम्ब्ली (वेबची प्रमाणं ठरवणाऱ्या डब्ल्यू३सी संस्थेने २०१९ मध्ये ते प्रमाण म्हणून स्वीकारलं) या दोन गोष्टींमुळे हे सगळं शक्य झालं. निवड अशी करा:

*डॉसचे प्रोग्राम आणि विंडोज ३.१:* जेएस-डॉस. हा डॉसबॉक्सचा ब्राउझर-अवतार. डीबेस, फॉक्सप्रो, वर्डस्टार, लोटस यांच्यासाठी हाच घ्या.

*विंडोज ९५/९८ ची पूर्ण हार्ड डिस्क:* व्ही८६. हा पूर्ण पीसी उभा करतो. त्याच्या पानावर फ्लॉपी, सीडी किंवा हार्ड डिस्कची प्रतिमा निवडायची, मेमरी ६४ किंवा १२८ एमबी द्यायची आणि सुरू करायचं. तुमची फाइल कुठेही पाठवली जात नाही, ती तुमच्याच ब्राउझरमध्ये वाचली जाते.

*जुने मॅक, म्हणजे पेजमेकरवाले छापखाने:* इन्फिनिट मॅक.

*शाळेतला बीबीसी मायक्रो:* १९८४ साली सुरू झालेल्या ‘क्लास’ योजनेत देशभरच्या शाळांना हे यंत्र मिळालं होतं. त्याच्यासाठी जेएसबीब आहे. या फ्लॉपी डॉसच्या नसतात, सेक्टर २५६ बाइटचे असतात. म्हणून त्या ग्रीझवीझलनेच वाचायच्या.

सरावासाठी इंटरनेट आर्काइव्हवर जा. तिथे हजारो डॉस प्रोग्राम एका क्लिकवर ब्राउझरात सुरू होतात. आपली फाइल तयार करण्याआधी तिथे तासभर घालवलात तर ‘बरोबर चाललेलं’ कसं दिसतं ते डोळ्यांत बसेल.

८. मराठी अक्षरांचा गुंता

प्रोग्राम सुरू झाला, मेनू इंग्रजीत नीट दिसला आणि नावांच्या जागी रेघोट्या आल्या, तर डेटा खराब झालेला नाही. घाबरून काही पुसू नका.

डॉसच्या काळात मराठी दाखवण्याचं काम अनेकदा जिस्ट कार्ड करायचं. आयआयटी कानपूरमध्ये जन्मलेलं आणि पुढे पुण्याच्या सी-डॅकने पसरवलेलं हे कार्ड. ते हार्डवेअर होतं, ब्राउझरातल्या इम्युलेटरमध्ये ते नाही. मागे उरतात नुसते क्रमांक. इस्की या भारतीय प्रमाणात (आयएस १३१९४, १९९१) ‘क’चा क्रमांक १७९ आहे आणि ‘द’चा १९६. पीसीच्या मूळ अक्षरसंचात १७९ म्हणजे उभी रेघ आणि १९६ म्हणजे आडवी रेघ. त्यामुळे ‘कदम’ हे आडनाव पडद्यावर उभी रेघ, आडवी रेघ आणि चौकटीचा एक सांधा असं दिसतं. चौकटीच्या रेघांशी हीच टक्कर होऊ नये म्हणून पीसीसाठी इस्कीची वेगळी मांडणीही होती, तिच्यात या जागा मोकळ्या सोडलेल्या असतात. तुमच्या फाइलीत कुठली आहे ते ओळखायला माहीत असलेलं एक नाव घ्या, कारखान्याचं किंवा मालकाचं, आणि हेक्स एडिटरमध्ये (फाइलीतले कच्चे क्रमांक दाखवणारा प्रोग्राम) त्याचे क्रमांक बघा. एक शब्द जुळला की पूर्ण तक्ता जुळतो. प्रमाण इस्की असेल तर आयसीयू या मोफत सॉफ्टवेअर-संचातलं यूकॉन्व्ह ती युनिकोडमध्ये उतरवतं.

आता लिपीच्या रकान्याकडे या. इस्कीमध्ये मराठी ‘क’, कन्नड ‘क’ आणि तेलुगू ‘क’ तिघांचा क्रमांक १७९ हाच. लिपी कुठली ते बहुतेक वेळा सॉफ्टवेअरच्या सेटिंगवरून ठरायचं, फाइलीवरून नाही. लेबल हरवलेल्या फाइलीत तेलुगू पत्रिका असेल आणि तुम्ही ती देवनागरीत उतरवलीत, तर अक्षरं सुबक दिसतील आणि अर्थ लागणार नाही.

विंडोजच्या काळातली गोष्ट वेगळी. श्री-लिपी, आकृती, आयएसएम या भारतीय भाषांच्या टंकन-सॉफ्टवेअरपैकी प्रत्येकाच्या फॉन्टची मांडणी आपापली. तिथे फॉन्टची फाइल हीच किल्ली. मजकूर वाचवला आणि फॉन्ट राहिला तर हाती नुसती रोमन अक्षरांची खिचडी येते. म्हणून विंडोजच्या फोल्डरमधला पूर्ण फॉन्ट-संच प्रतिमेसोबत वेगळा जपा. युनिकोडमध्ये बदलताना त्याच फॉन्टसाठीचा परिवर्तक घ्या आणि ऱ्हस्व वेलांटी, रफार आवर्जून तपासा. जुन्या फॉन्टमध्ये ‘कि’ लिहिताना वेलांटी ‘क’च्या आधी येते, जशी ती डोळ्यांना दिसते. युनिकोडमध्ये ती ‘क’नंतर साठवली जाते. रफाराचंही तसंच उलटं: जुन्या फॉन्टमध्ये अक्षरानंतर, युनिकोडमध्ये आधी. साध्या शोधा-बदला पद्धतीने केलेल्या रूपांतरात ‘मिरवणूक’ आणि ‘कार्य’ हेच शब्द सर्वांत आधी मोडतात.

९. आधी डेस्कटॉपवर, मग ब्राउझरात

आयएमजी फाइल सेव्हन-झिपमध्ये उघडा आणि प्रोग्रामचं फोल्डर बाहेर काढा. डीबेस-फॉक्सप्रोच्या बाबतीत फक्त डीबीएफ फाइली घेऊ नका. मेमो डीबीटी किंवा एफपीटीमध्ये असतो, निर्देशांक एनडीएक्स, आयडीएक्स किंवा सीडीएक्समध्ये. एक राहिली तरी प्रोग्राम अडतो. नुसता डेटा बघायचा असेल तर डीबीएफ थेट लिबरऑफिस कॅल्कमध्ये उघडते. पगारपत्रक बघायला एवढंही पुरतं.

डॉसबॉक्समध्ये ते फोल्डर ‘सी’ म्हणून लावा आणि चालवून बघा. इन्स्टॉलेशन अनेक फ्लॉपींचं असेल तर सगळ्या प्रतिमा एकदम ‘ए’ला लावा. ‘दुसरी डिस्क घाला’ असं आलं की कंट्रोल-एफ४ दाबून पुढची घ्या. इथे अडणाऱ्या गोष्टी ठरलेल्या आहेत:

सुरू होताच ‘रनटाइम एरर २००’ किंवा शून्याने भागल्याची चूक आली, तर कारण आहे वेग. टर्बो पास्कलमधले प्रोग्राम सुरुवातीला एक वळसा किती वेळा फिरतो ते मोजून त्याला ५५ ने भागतात. यंत्र फार वेगवान असेल तर उत्तर १६ बिटांत मावत नाही आणि प्रोग्राम कोसळतो. क्लिपर आणि फॉक्सप्रोच्या काही आवृत्त्यांचंही असंच. डॉसबॉक्सच्या सेटिंगमध्ये ‘सायकल्स’ (इम्युलेटरचा वेग) स्वयंचलित न ठेवता ३००० वर बांधून द्या.

‘हार्डवेअर लॉक सापडलं नाही’ असं आलं, तर सॉफ्टवेअर प्रिंटरच्या पोर्टला लावलेलं डाँगल, म्हणजे परवान्याची खात्री करणारा ठोकळा, शोधतंय. ब्राउझर त्या पोर्टपर्यंत पोचू शकत नाही. डाँगल आणि प्रतिमा दोन्ही एकत्र जपा, डेटा मात्र वेगळा उतरवून घ्या. ‘मूळ डिस्क ए मध्ये घाला’ असं आलं, तर फ्लॉपीवरच नकलेपासून बचाव आहे, साधी आयएमजी पुरणार नाही. तिची फ्लक्स प्रतिमा घेऊन ठेवा.

तारखेवर अडलं तर प्रोग्राम वर्षाचे दोनच अंक घेतो आहे. डॉसबॉक्समधली तारीख १९९५ च्या आसपास नेऊन बघा. छपाई हवी असेल तर प्रोग्रामच्या मेनूत ‘फाइलमध्ये छापा’ आहे का बघा. नसेल तर डॉसबॉक्स-एक्स वापरा, ते डॉट मॅट्रिक्सची नक्कल करून कागद चित्ररूपात उतरवतं.

१०. ब्राउझरातलं पान

डेस्कटॉपवर चाललं की जेएस-डॉसचं गाठोडं बांधा. हे गाठोडं म्हणजे झिप फाइलच असते, आत तुमचं फोल्डर आणि डॉसबॉक्सची सेटिंग-फाइल. जेएस-डॉसच्या स्टुडिओत झिप दिली, सुरू करायची ईएक्सई निवडली की गाठोडं तयार मिळतं. सायकल्सची ओळ तिथे पुन्हा तपासा. मग एका साध्या एचटीएमएल पानात जेएस-डॉसची स्टाइल-फाइल, त्याची स्क्रिप्ट आणि एक रिकामा डिव्ह ठेवून त्याला गाठोड्याचा पत्ता द्यायचा. आठ-दहा ओळींचं काम.

पान दोनदा क्लिक करून उघडलं तर काळा चौकोन दिसेल. ब्राउझर सुरक्षेसाठी डिस्कवरच्या फाइली अशा वाचू देत नाही. पायथनमधला अंगचाच वेब सर्व्हर ८००० पोर्टवर सुरू करा आणि लोकलहोस्टवरून उघडा. गिटहब पेजेससारख्या मोफत वेबपानांच्या ठिकाणी ठेवणार असाल तर एक फाइल १०० एमबीच्या आत हवी. फाइलींच्या नावातलं लहान-मोठं रोमन अक्षर तिथे वेगळं धरलं जातं, त्यामुळे घरच्या विंडोजवर चाललेलं पान तिथे रुसतं. सगळी नावं लहान रोमन अक्षरांत ठेवा.

वर्डस्टार चालवणाऱ्यांनी हे नक्की वाचा. वर्डस्टारमध्ये कंट्रोल-डब्ल्यूने मजकूर एक ओळ सरकतो, कंट्रोल-टीने शब्द पुसला जातो, कंट्रोल-एनने नवी ओळ येते. ब्राउझरात हीच बटणं अनुक्रमे टॅब बंद करणं, नवा टॅब आणि नवी खिडकी यांची आहेत आणि साधारण खिडकीत ब्राउझर ती पानाकडे जाऊच देत नाही. जुनी बोटं सवयीने कंट्रोल-डब्ल्यू दाबतील आणि लिहिलेलं सगळं जाईल. ब्राउझरातली प्रत दाखवण्यापुरती ठेवा, खरं टंकन डेस्कटॉपच्या डॉसबॉक्समध्ये करा.

साठवणीचंही असंच. ब्राउझरातल्या प्रोग्राममध्ये केलेले बदल ब्राउझरच्या स्वतःच्या साठ्यात राहतात. इतिहास साफ केला की ते जातात. ठेवण्यासारखं काही केलं तर बदललेली प्रत लगेच उतरवून घ्या.

११. लोकांसमोर ठेवण्याआधी

कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ५२ (१) (एए) नुसार, ज्याच्याकडे कायदेशीर प्रत आहे त्याला प्रोग्राम ज्या कामासाठी घेतला त्याच कामासाठी, नुकसानीपासून बचाव म्हणून राखीव प्रत करता येते. ती प्रत सगळ्यांसाठी ठेवण्याची परवानगी त्यात नाही. ‘आता विकत मिळत नाही, म्हणजे मोकळं झालं’ हा समज चुकीचा आहे. स्थानिक प्रोग्रामरने लिहून दिलेला हजेरीचा प्रोग्राम असेल तर त्याला शोधून लेखी परवानगी घ्या. अशी माणसं बहुतेक गावातच असतात आणि आपलं जुनं काम पुन्हा चालताना बघून मनापासून हो म्हणतात. बूट करायला डॉस लागलं तर फ्रीडॉस वापरा, ते मुक्त आहे. मायक्रोसॉफ्टनेही एमएस-डॉस १.२५ आणि २.० चा सोर्स कोड २०१८ मध्ये आणि ४.०० चा २०२४ मध्ये गिटहबवर मुक्त परवान्याखाली दिला आहे.

डेटाच्या बाबतीत आणखी कडक राहा. पगारपत्रकात कामगारांची नावं, उचल, कापलेली रक्कम असते. ती माणसं किंवा त्यांची मुलं इथेच राहतात. लोकांसाठीच्या गाठोड्यात डीबीएफची रचना तीच ठेवून कल्पित नावं भरा. पुसायच्या नोंदींना डीबेसमध्ये नुसतं ‘डिलीट’ म्हणून भागत नाही, त्या फक्त खूण लावून लपवल्या जातात. त्यानंतर ‘पॅक’ करा, मग हेक्स एडिटरमध्ये एखादं जुनं नाव शोधून खात्री करा. मेमो आणि निर्देशांकाच्या फाइलींतही तेच नाव शोधा.

१२. मूळ फ्लॉपींचं काय

टाकू नका. आज न वाचलेला सेक्टर उद्या दुसऱ्या ड्राइव्हवर वाचता येतो. प्रत्येक फ्लॉपी कागदी पाकिटात उभी ठेवा, डब्यात सिलिका जेलच्या पुड्या टाका आणि डबा घरातल्या थंड आतल्या खोलीत ठेवा. पत्र्याखाली नको, स्पीकर किंवा मोटरजवळ नको. सिलिका जेल पावसाळ्याआधी बदला. वर्षातून एकदा, गड्ड्याची यात्रा आटोपली की हवा कोरडी आणि गार असते तेव्हा, तिन्ही ठिकाणच्या प्रतिमांचे ठसे पुन्हा काढून नोंदवहीशी जुळवा. एखादा जुळला नाही तर उरलेल्या दोघींपैकी चांगल्या प्रतीवरून ती लगेच बदला.